उलटं फिरवलेलं रीळ

खोटं वाटेल. पण मी तिथे होतो, आणि हे घडलं.

सन १९३९. हिवाळ्यातली दुपार. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातलं एक टॉकीज, खेळ सुरू व्हायला अवकाश होता.

मुंबईच्या एका कंपनीला बोलपटासाठी पहिल्या महायुद्धावर निघालेल्या फौजेची खरी दृश्यं हवी होती. जुनी रिळं शोधून पाठवायची, हे माझं काम. पडाव भागातल्या एका बंद हॉटेलच्या माळ्यावर रिळाचा डबा सापडला. ग्वाल्हेर स्टेशन. शिपाई गाडीत चढताहेत.

त्याच गाडीने माझे काका गेले होते, जगदेवराव. परत आले नाहीत. गेल्याची खबरही नाही.

शरयूकाकू अजून कुंकू लावत होती.

"पाठवण्याआधी एकदा दाखव रे गोविंदा. चेहरा विसरत चाललेय मी."

म्हणून तिला टॉकीजमध्ये आणलं. बळवंत मशीनवाल्याने हाताने चाक फिरवलं. आवाज नव्हता. शिपाई चढत होते.

काका दिसले. डब्यातून कुणीतरी हात दिला, ते वर गेले.

काकू बघत राहिली.

रीळ संपलं. गुंडाळायचं यंत्र मोडलेलं, म्हणून बळवंत चाक उलटं फिरवून गुंडाळायचा. दिवा विझवून.

"दिवा राहू दे ना, बळवंतराव. तेवढेच पुन्हा दिसतील."

"उलटे दिसतील, काकू. हसाल."

"हसेन. तुमचं काय जातं?"

त्याने दिवा ठेवला.

शिपाई उलट्या पावलांनी उतरू लागले. पाठीकडून, एकेक...

काका मात्र तोंड पुढे करून उतरले.

सरळ आमच्याकडे चालत आले. पडद्याच्या कडेला पोचले. दिसेनासे झाले.

आणि मग... फरशीवर बुटांचा आवाज.

बळवंतने घाबरून रीळ पुन्हा सरळ चालवलं. सगळे चढले. डब्यातून तो हात खाली आला, त्याने रिकाम्या हवेला धरून वर ओढलं.

काका नव्हते.

काकू दाना ओळीतल्या आपल्या घरी गेली ती जवळजवळ धावतच. दोन पानं वाढली म्हणे.

कंपनीची तार आली होती. रीळ त्याच दिवशी मुंबईला गेलं.

आठवड्याने काकू माझ्या दारात उभी. कपाळ कोरं.

"अगं, कुंकू?"

"ते आलेत, गोविंदा. पण जिवंत नाहीत रे. जेवत नाहीत. भिंतीकडे तोंड करून उभे असतात. एकच विचारतात... गाडी कधी आहे?"

तिने माझे हात धरले. "रीळ परत मागव. सरळ फिरव. चढू दे त्यांना."

मी तार केली. उत्तर आलं. गोदामाला आग लागली होती. ते रीळ जळालं.

काकू त्याच हिवाळ्यात गेली. भिंतीकडे तोंड करून बसलेली सापडली.

दाना ओळीतल्या घराला कुलूप आहे. मी जयेंद्रगंजात राहतो.

काल भर दुपारी जिन्यावर बूट वाजले. वर आले... दाराशी थांबले.

आत आले नाहीत. फक्त तेच विचारलं.

 

ते अजून दाराशीच आहेत.