आधी त्यांचा घास

जेवणाच्या टेबलावर सात मिशा, तीन दाढ्या, एक टकलाचा टोप आणि दोन चष्मे होते. दोन्ही चष्म्यांना काचा नव्हत्या. ताट ठेवायला मात्र वीतभर जागा नव्हती!

"आवं, तुमची ही सगळी माणसं उचला बघू आधी!" गुणमाला स्वयंपाकघरातून कडाडली.

"क्षमा असावी, राणीसरकार..." जिनदत्त आरशापुढून खर्जात म्हणाले.

"राणीसरकार गेल्या खड्ड्यात. हितं मी हाय!"

सारा संसार असाच गेला होता. चहा मागायचा तो पाटलाच्या आवाजात, भांडायचं ते वकिलाच्या. रंगभूमीवर, सिनेमात जिनदत्तांनी सावकार रंगवला, न्यायाधीश रंगवला, आंधळा बाप तर असा रंगवला की पहिल्या रांगेतल्या बायका पदर डोळ्यांना लावून रडायच्या... पण नायक कधीच नाही. आता बहात्तराव्या वर्षी एक मालिका त्यांच्या एकट्याच्या खांद्यावर उभी राहणार होती. शूटिंग साताऱ्याला, तेही रात्रीचं. उद्या सांगली सोडायची होती.

म्हणूनच गुणमालेला घोर लागला होता. दिवस मावळल्यावर अन्न घ्यायचं नाही, हा तिचा जैन नेम. नवरा जेवल्याशिवाय आपण घास घ्यायचा नाही, ही सासूबाईंची शिकवण. आणि नवऱ्याचे प्रयोग नेमके रात्री! दोन्ही पाळायचं म्हणजे प्रयोगाच्या दिवशी उपाशी झोपायचं. ती झोपत आली, आणि घरी आलेल्या नवऱ्याला गरम गरम वाढताना "माझं झालं" म्हणत आली. कालही उंब्रजला प्रयोग होता. आज हे उशिरा उठले, आणि हिनं मधुमेहाची गोळी घेतली ती रिकाम्या पोटीच...

टोप उचलायला ती पुढं झाली आणि टेबलापाशीच कोसळली.

लेक ब्राह्मी धावली. साखर एकदम खाली गेली होती. तिनं आईच्या तोंडात गुळाचं पाणी घातलं आणि मग बापाकडं वळली.

"पप्पा, आई कालपासून उपाशी हाय! तुमच्या दर प्रयोगाला उपाशी झोपत आलीय ती. तुमी जेवल्याबिगर ती जेवतच न्हाई!"

जिनदत्त गुडघ्यांवर बसले. दोन्ही हात पसरले, आवाज गहिवरला. "हे साध्वी, तुझ्या त्यागापुढं हा अभागी..."

"ह्ये आंधळ्या बापाचं भाषण हाय," गुणमाला डोळे मिटूनच म्हणाली. "दुसऱ्या अंकातलं."

जिनदत्तांचे हात तसेच राहिले. इतक्या भूमिका केल्या, पण या घडीला लागणारं वाक्य एकाही भूमिकेनं त्यांना दिलं नव्हतं!

"गुणी..." अखेर ते पुटपुटले, "मला म्हाईतच न्हवतं गं."

हा त्यांचा स्वतःचा आवाज तिनं कितीतरी वर्षांत ऐकला नव्हता. तिचा बांध फुटला.

"मी न्हाई जात सातारला," ते म्हणाले.

"जायचं!" ती रडता रडताच खेकसली. "एवढी वर्सं मी काय फुकट उपाशी ऱ्हायले व्हय?"

शूटिंगच्या पहिल्या दिवशी, ऊन अजून अंगणात असताना ब्राह्मीच्या फोनवर व्हिडिओ कॉल आला. पडद्यावर रंगवलेला चेहरा, पुढ्यात भाकरी आणि वांग्याची भाजी.

"बघ गुणी, जेवतोय. आता तूबी बस."

"आवं, ते नाटकातलं खाणं नगं! नुसतं तोंड हलवताय. गिळा... गिळलं? उघडा तोंड."

मागून कुणीतरी "सर, शॉट रेडी!" म्हणून ओरडलं. मालिकेच्या नायकानं निमूटपणे आ केला. मोबाइल डोळ्यांजवळ नेऊन गुणमालेनं नीट पाहिलं, मान हलवली, आणि भाकरी मोडली.

दोन तासांनी ब्राह्मीनं आईच्या बोटाचा थेंब पट्टीवर घेतला.

साखर एकशे अडतीस. अगदी हवी तेवढी.