नामपल्लीची खिडकी

त्र्याण्णव साली हैदराबादेत नारायणगुड्यातली आमची फिल्म सोसायटी शेवटच्या घटका मोजत होती. घरोघरी केबल आली होती. रविवारी दुपारी वाचनालयाच्या हॉलमध्ये यायला कुणाला सवड नव्हती. तरी माझ्या जुन्या विद्यार्थ्यानं, विवेकनं, स्वतः सिनेमा केला म्हटल्यावर मी बायकोला, सुनीताला घेऊन गेलो. आमची लहानगी लेक केतकी काविळीनं गेल्यापासून सुनीता घराबाहेर पडली नव्हती.

"गोष्ट काय आहे रे?" मी विवेकला विचारलं.

"गोष्ट नक्को सर. एक रिकामी खोली आहे, बस्स."

"कुणाची?"

प्रोजेक्टरवर वाकलेला तो थांबला. "कुणासाठी तरी केला होता सिनेमा. आता आठवत नाही."

हॉलमधले दिवे मालवले. खिडकी, उन्हात हलणारा पडदा, कुठंतरी ठिबकणारा नळ. माणूस नाहीच. मी पदार्थविज्ञान शिकवतो. डोळे किती सहज फसतात ते मला ठाऊक आहे. पण त्या खिडकीचा दुसरा गज वाकलेला होता. ते आमचं नामपल्लीचं घर होतं, केतकी जिथं रांगली ते. विवेक तिथं कधीच आला नव्हता.

केतकीच्या आजारपणातला डेटॉलचा वास आला. खिडकीच्या पडद्याखाली, फरशीवर, दोन लहान पावलं दिसली. ओली.

"चल," मी म्हणालो.

सुनीतानं हात सोडवून घेतला. "तुम्ही जा. ती आत्ता बाहेर येईल."

मला बघवेना. मी व्हरांड्यात जाऊन उभा राहिलो. आत बऱ्याच जणांचं रडणं ऐकू आलं. मग एकदम थांबलं.

पहिल्या बाहेर आल्या त्या आमच्या शेजारच्या इंदुताई. नवरा, केशवराव, गेल्यापासून खंगलेल्या बाई, आज चेहरा धुतल्यासारखा.

"केशवराव दिसले का तुम्हाला?" मी न राहवून विचारलं.

"कोण केशवराव?" त्या सहज म्हणाल्या आणि जिना उतरून गेल्या.

मी आत धावलो. पडदा कोरा होता. सुनीता पदर सारखा करत उठत होती.

"बरा होता," ती म्हणाली. "काय दाखवलं ते मात्र लक्षात नाही राहिलं."

घरी ती पोटभर जेवली. गाढ झोपली.

सकाळी ती गुणगुणत स्वयंपाकघराचा ओटा पुसत होती. हातात केतकीचा पिवळा फ्रॉक होता, मधोमध फाडलेला.

"सुनीता, हे काय?"

"कपाटात पडला होता. कुणाचा कोण जाणे," ती म्हणाली, आणि तो घट्ट पिळून तिनं पुन्हा ओट्यावर फिरवला.