पल्याड थांबलोय

गेम खेळताना मध्ये कुणी बोललेलं स्नेहलला खपत नसे. आई होती तोवर ती आईची बोलणी खात खेळायची. आई गेल्यावर घरात बोलणी घालणारं कुणी उरलं नाही. वडील सावळाराम, म्हणजे तिचे आबा, अर्धांगाच्या झटक्यानंतर ओसरीवर बसून असत, आणि त्यांची जीभ जड झाली होती. थोरला भाऊ अजित तर तिच्या कौतुकातच असायचा. कॉम्प्युटर घ्यायला तोच नसरापूरला गेला होता, आणि टेम्पोत बसून, स्क्रीन मांडीवर धरून, अंगावरचं पोर आणावं तसा त्याने तो घरी आणला होता.

घर धरणाच्या पाण्याकाठी. पल्याड दोनचार घरं अजून नांदती होती, बाकीची कुलपं लावून पुण्याला गेली होती. त्या घरांसाठी आबांनी उभा जन्म होडी चालवली, आता अजित चालवत होता. पूर्वी पल्याडचा माणूस काठावर उभा राहून हाक घालायचा. आता मोबाईलवर ‘होडी’ नावाचा ग्रुप होता. स्नेहल सदा कॉम्प्युटरपुढेच, म्हणून ते निरोप अजितने तिच्याच स्क्रीनवर जोडून घेतले होते. निरोप आला की चालू खेळावर, कोपऱ्यात, एक चौकट तरंगायची. वर नाव, खाली मजकूर. मग स्नेहल खिडकीतून ओरडायची, की दादा, पल्याड रतनबाई थांबल्यात.

आबांची मात्र जुनी रीत होती. हाक आली की होडी न्यायची, पण काठाला टेकवायची नाही. पाण्यातच थांबून विचारायचं, “कोन हाय?” समोरच्याने नाव सांगितलं की मगच टेकवायची. रोजचा माणूस असो, तोंड ओळखीचं असो, विचारायचंच. लहानपणी स्नेहलने फारच खोदून विचारलं तेव्हा आबा वल्ह्याची दोरी आवळत म्हणाले होते, “नाव न सांगनारा होडीत बसला, तर उतरताना आपलं नाव घिऊन उतरतो, पोरी.” अजितलाही हे ठाऊक होतं. पण निरोपावर नाव आधीच लिहून येतं, मग पाण्यात थांबून घसा कशाला कोरडा करायचा, असं होत होत ती रीत सुटली. कधी सुटली ते त्यालाही सांगता आलं नसतं.

मार्गशीर्षातला रविवार होता. पुण्यातल्या एका टीममध्ये स्नेहलची निवड होणार होती, आणि तिची शेवटची मॅच त्या सकाळी होती. वर्षभर ती ह्याच दिवसाची वाट बघत होती. मध्ये कुठली चौकट आली आणि नजर हलली तर सगळं मुसळ केरात. म्हणून तिने अजितला आदल्या दिवशीच सांगून ठेवलं होतं, की उद्या सकाळी होडीचे निरोप बंद. तो हसून हो म्हणाला होता. रविवारी येतंय कोण?

तर सकाळी ती स्क्रीनपुढे बसली आणि एकेक गोष्ट बंद करत गेली. मोबाईलची जोडणी तोडली. कॉम्प्युटरची नोटिफिकेशन बंद केली. खेळावर तरंगणाऱ्या ह्या चौकटींना ओव्हरले म्हणतात. त्यातला गेमचा बंद केला, गप्पांच्या ॲपचा बंद केला, ग्राफिक्स कार्डाचाही शोधून बंद केला. बाहेर धुकं इतकं दाट होतं की अंगणातली होडी बांधायची शिळाही दिसत नव्हती. पाण्याचा आणि ओल्या गवताचा कुबट वास खिडकीतून आत येत होता. तिने हेडफोन चढवले. घर गप्प झालं.

सरावाची फेरी सुरू झाली आणि कोपऱ्यात चौकट आली.

पल्याड थांबलोय. होडी आणा.

स्नेहल चरफडली. काहीतरी चालू राहिलं असणार. पुन्हा सगळ्या सेटिंगमधून फिरून आली. सगळं बंद होतं. पुन्हा खेळ सुरू केला, पुन्हा तीच चौकट. ह्या खेपेला तिने नीट बघितलं. नावाच्या जागी काहीच नव्हतं. ओळ होती, पण रिकामी.

टीममधल्या मुलाला दाखवावं म्हणून तिने स्क्रीनचा फोटो काढला. फोटोत तिचा खेळ होता, हातातली बंदूक होती, डोंगर होता. चौकट नव्हती. आणि फोटो मिटवून बघते तर स्क्रीनवर ती तशीच, कोपऱ्यात तरंगत उभी.

ती घाबरली, हे खरं. पण मॅच तोंडावर आली होती, आणि अशा वेळी माणसाला भीतीपेक्षा घाईच जास्त असते. तिने इंटरनेटची वायर काढून बघितली. चौकट गेली नाही. कॉम्प्युटर बंद करून चालू केला. गेम उघडायच्या आधीच चौकट हजर. शेवटी तिच्या मनात एक सरळ विचार आला. कुणीतरी होडी मागतंय. होडी गेली की मागणं थांबेल.

तिने खिडकीतून अजितला हाक मारली. तो अंगणातल्या चुलीपाशी चहा घेत होता. पल्याड कुणीतरी थांबलंय म्हणाली.

“तू बंद केलं हुतंस ना सगळं?” अजित म्हणाला. “कोन हाय?”

तिला खरं सांगता आलं असतं. नाव दिसत नाही, एवढे तीन शब्द. पण ते सांगितलं असतं तर तो आत येऊन बघत बसला असता, आणि मॅच सुटली असती.

“ज्ञानूनाना असतील,” ती म्हणाली. “दुधाचे कॅन घेऊन. जाऊन ये ना दादा पटकन.”

“जातो की बारके. तू जिंक,” असं म्हणून तो धुक्यात उतरला. मोबाईल स्वयंपाकघरातल्या फळीवर चार्जिंगला होता, तो त्याने तिथेच ठेवला. ओसरीवर आबांनी मान वर करून काहीतरी विचारलं, पण त्यांचं बोलणं हल्ली पटकन कळायचं नाही, आणि तिने हेडफोन चढवलेही होते.

मॅच सुरू झाली. थोड्या वेळाने चौकट आली. होडी दिसली.

मग, टेकली.

मग, बसलो.

त्यानंतर स्क्रीन स्वच्छ झाली. स्नेहलने सुस्कारा सोडला. त्या शांततेत ती जशी खेळली तशी जन्मात खेळली नव्हती. एक कोपरा चुकला नाही, एक नेम चुकला नाही. पुण्याची पोरं कानात ओरडत होती, निवड झाली म्हणून सांगत होती. तिने हसत हसत हेडफोन काढले.

तेव्हा तिला आबांचा आवाज ऐकू आला. किती वेळचे ओरडत होते कुणास ठाऊक, घसा पार बसला होता. “कोन हाय? … कोन हाय? …”

अजित अंगणात, पायरीच्या खाली उभा होता. वल्हं हातात होतं. आबांकडे बघत नव्हता. तिच्याकडे बघून हसला, परक्या घरी माणूस हसतो तसा.

“आबा, असं काय करता? दादा हाय,” स्नेहल म्हणाली. नाना भेटले का, असं तिने त्याला विचारलं. कुणी नव्हतं म्हणाला. तरी तो पायरी चढेना.

“ये ना आत,” ती म्हणाली, आणि मग तो आत आला.

रोज घरात पाऊल टाकायच्या आधी “बारके, वाढ गं” म्हणून गलका करणारा अजित त्या दिवशी भिंतीला टेकून बसला आणि जेवण मिळेल का म्हणून त्याने विचारलं. तिने भाकरी वाढली. तो सावकाश, प्रत्येक घास बघून बघून खाऊ लागला. ओसरीवरून आबांचं चालूच होतं. आवाज आता कुजबुजीएवढा उरला होता, पण प्रश्न तोच.

कॉम्प्युटर बंद करावा म्हणून ती आतल्या खोलीत गेली. गेम मिटलेला होता. कोपऱ्यात चौकट होती. वरची ओळ रिकामी.

बारके, म्या पल्याड हाय. होडी आण.

तिला बारके म्हणणारं जगात एकच माणूस होतं. थट्टा करतोय, ती स्वतःला म्हणाली. स्वयंपाकघरात जाऊन बघितलं. मोबाईल फळीवर, वायर लावलेला. आणि तो भिंतीपाशी ताटावर, दोन्ही हात समोर. तो मान वर न करता जेवत होता.

स्नेहल काठाकडे पळाली. धुकं विरलं होतं. लख्ख ऊन पडलं होतं आणि पल्याडचा काठ धुतल्यासारखा साफ दिसत होता. खडक, करवंदीच्या जाळ्या, उतरायची पायवाट. माणूस नव्हता. तिने हातांचा कर्णा करून विचारलं, “कोन हाय?” पाण्यावरून काहीच परत आलं नाही. होडीत तिच्याच्याने बसवेना. जिथे कुणी दिसतच नाही तिथून आणायचं कुणाला, आणि चुकून दुसरंच कुणी बसलं तर? ती परत पळत स्क्रीनपुढे आली.

ऐकलं गं. नाव सांगाय गेलो, पर आठवंना. तूच सांग.

चौकटीखाली उत्तर लिहायला जागा नव्हती. कुठे बोट ठेवावं, काय दाबावं, काहीच नव्हतं. ती पुन्हा काठावर आली, गुडघाभर पाण्यात शिरली आणि होतं नव्हतं तेवढं बळ एकवटून ओरडली, “अजित!”

“ओ,” मागून आवाज आला.

तो अंगणात उभा होता. हात धुऊन, पंच्याला पुसत.

“दादा! अजितदादा!” ती पल्याड बघत पुन्हा ओरडली.

“ओ,” तो म्हणाला. “हितं तर हाय म्या.”

तिने किती हाका मारल्या त्याचा हिशेब नाही. प्रत्येक हाकेला मागून ओ आली, दर वेळी जरा जवळून. शेवटी तिने तोंडावर हात दाबून धरला आणि पाण्यातच खाली बसली.

ज्ञानूनाना आदल्या दिवशीच एसटीने भोरला लेकीकडे गेले होते, हे संध्याकाळी कळलं. स्नेहलने चार जणांना सांगून बघितलं. लोक तिच्याकडे बघत, मग अंगणात सरपण फोडणाऱ्या अजितकडे बघत, आणि डोळ्यांना त्रास झालाय, ते खेळ कमी कर, म्हणून सांगत. आंबवड्याच्या संजीवनीशी त्याचं लग्न ठरलं होतं, माघातली तारीख होती. संजीवनीचा फोन आला की तो उचलतो आणि म्हणतो, “अजित बोलतोय.” खरा अजित असं कधी म्हणायचा नाही. हा मात्र प्रत्येक वेळी म्हणतो, आणि म्हणताना त्याला फार बरं वाटतं, ते लांबूनही कळतं. आबांनी विचारणं सोडून दिलंय. तोंड पाण्याकडे करून बसतात.

पुण्याच्या टीमला ती नाही म्हणाली. खेळणंही सुटलं. कॉम्प्युटर मात्र बंद करत नाही, दिवे गेले तर इन्व्हर्टरवर ठेवते. बंद केलेलं सगळं तिने एकेक करून पुन्हा चालू केलं. सगळी नोटिफिकेशन, सगळे ओव्हरले. दिवसभर चौकटी येत असतात. कुणाचे वाढदिवस, कुठल्या जाहिराती, कुठल्या गेमची सूट. त्या गर्दीत ती रिकाम्या ओळीची चौकट शोधत बसते. पहिल्या आठवड्यात ती वरचेवर यायची. थंडी लई हाय बारके. आबा जेवलं का बारके. मग मजकूर आखूड होत गेला. आईचं नाव काय हुतं, असं एकदा आलं. त्यानंतर बरेच दिवस काहीच नाही.

परवा सकाळी धुकं पडलं होतं. ती स्क्रीनपुढे बसली होती आणि दारात तो चहा घेऊन उभा होता. चौकट आली. त्यात बारके नव्हतं. ओळखीचं काहीच नव्हतं.

पल्याड थांबलोय. होडी आणा.

“कोन हाय गं?” त्याने दारातून विचारलं, आणि चहाचा कप तिच्यापुढे ठेवला.