खारवंतीच्या राणीचं नाव

सकाळी दहाला मनालीचा फोन आला, तेव्हा गिरिजाताई गोडदेवच्या आपल्या घरी तांदूळ निवडत होत्या. कोर्टात तीस वर्षं लघुलेखक म्हणून काढलेली ही बाई. माणूस बोलला तेवढंच उतरवायचं, पदरचं काही घालायचं नाही, ही सवय निवृत्तीनंतरही सुटली नव्हती.

"काकू, आमचं गाणं चोरीला गेलंय," शेजारची मनाली म्हणाली. "पाचला गेम पाठवायचाय. त्याआधी मिळालं नाही तर त्यातलं आत्याचं नावही जाईल."

हाटकेशच्या एका गाळ्यात कौस्तुभचा स्टुडिओ होता. तिथे खारवंती नावाच्या काल्पनिक राज्याचा गेम बनत होता. त्या राज्याचा कायदा कौस्तुभनेच लिहिलेला: राज्याभिषेकाच्या गाण्यात जिचं नाव येईल, तीच राणी. ते गाणं मनालीने रचलं, खारवंतीच्या बनावट भाषेत. चाल मात्र अस्सल, तिच्या अनसूया आत्याच्या धवल्याची. आत्या मुर्धा गावची धवलारीण, म्हणजे आगरी लग्नात विधींची गाणी म्हणणारी. नवरी बदलते, नाव बदलतं, धवला तोच.

काल संध्याकाळी आत्याने ते रेकॉर्ड केलं, त्याची डिस्क स्टुडिओच्या कपाटात ठेवली आणि सकाळी ती तिथे नव्हती.

गिरिजाताई पोहोचल्या तेव्हा कौस्तुभचा सूर समजुतीचा होता. सकाळपासून दिपेशने, म्हणजे त्याच्या साउंडवाल्याने, आठवणीतून गाणं पुन्हा उभं केलं होतं. दुसरी गायिकाही आणली होती. आता दिपेशच्याच नावाने जाऊ दे, पुढच्या गेमला तुमचं नाव टाकू, असं कौस्तुभ म्हणत होता. गिरिजाताईंना ही गोडी मुळीच आवडली नाही.

"नाव न्हाय तर गानं न्हाय," कोपऱ्यातून आत्या म्हणाल्या. आवाज पार बसलेला.

"पुन्हा गाता येणार नाही?" गिरिजाताईंनी विचारलं.

"घसा ऱ्हायलाच न्हाय. चार दिस सुलूच्या लग्नात गाते. काल हितं आले ती बी तिच्याच मांडवातनं."

गिरिजाताईंनी वही उघडली. कपाटाच्या किल्ल्या तिघांकडे: कौस्तुभ, दिपेश आणि ऑफिस सांभाळणारी पिंकी. काल मनाली तिच्या नोकरीवर होती, दिपेश दुपारपासून रजेवर, म्हणून रेकॉर्डिंग कौस्तुभनेच केलं. दुसरी प्रत काढणं दिपेशचं काम, ते राहून गेलं. काही वेगळं ऐकू आलं का, असं विचारल्यावर कौस्तुभ हसला. त्या भाषेतलं त्याला ओ की ठो कळत नव्हतं. पिंकी बाहेर बसली होती, आतलं तिला काहीच ऐकू येत नाही. संध्याकाळी कुलूप तिने लावलं आणि सकाळी उघडलं दिपेशने.

मनालीने आपला छापील कागद दिला. गिरिजाताईंनी मधली ओळ वाचली: "आरो वेमी, इरूमा, लाहे तोरी."

"इरूमा म्हणजे?"

"राणीचं नाव. धवल्यात नवरीचं येतं त्या जागी."

मग त्यांनी दिपेशला बोलावलं.

"काल तू कुठे होतास?"

"दाताच्या डॉक्टरकडे. दुपारीच निघालो. कालचं रेकॉर्डिंग मी ऐकलेलंच नाही."

"मग गाणं कुठून आठवलं?"

"महिन्यापूर्वी मनालीने रिहर्सलला म्हटलं होतं ना, तेव्हाच लक्षात बसलं."

"नव्या गायिकेला शब्द?"

"मीच लिहून दिले." त्याने हाताने लिहिलेला कागद पुढे केला.

गिरिजाताईंनी वहीत उतरवत मोठ्याने वाचलं: "आरो वेमी, सुलू, लाहे तोरी."

दिपेशला त्यात काही खटकलं नाही. त्याच्या दृष्टीने सुलू हा खारवंतीचाच एक शब्द होता.

"अगो बाय," आत्या पुटपुटल्या आणि त्यांनी कपाळावर हात मारला.

"चूक तुमची, पण कामाला आली," गिरिजाताई म्हणाल्या. मग त्यांनी सगळ्यांना समजावून सांगितलं. धवलारीण नावाच्या जागी ज्या मांडवात आहे त्या नवरीचं नाव घेते. चार दिवस आत्यांच्या जिभेवर सुलू होती. काल इथे ती जागा आली आणि सवयीने सुलूच बाहेर पडली. कौस्तुभला कळलं नाही, कारण भाषाच बनावट. मनालीच्या कागदावर सुलू नाही, महिन्यापूर्वीच्या रिहर्सलमध्येही नव्हती. ती फक्त कालच्या डिस्कमध्ये आहे. "आणि दिपेश, तुला वाटलं राणीचं नाव बदललंय. ताजं म्हणून तेच उतरवलंस."

दिपेशने बॅग उघडली. आतून डिस्क काढून टेबलावर ठेवली. "आठ वर्षं दुसऱ्यांचे आवाज साफ करतोय," तो म्हणाला. "एकदा तरी माझं नाव यावं, एवढंच होतं."

"मग सोताचं गानं कर," आत्या म्हणाल्या. "माज्या गल्यावर नको बसू."

कौस्तुभने खजील होऊन संगीताखाली दोन्ही नावं टाकली, आधी अनसूया, मग मनाली. मग डिस्क लावली. आवाज थकलेला होता, पण मांडवातला होता. सुलू आली तसा त्याने हात वर केला. तेवढा एक शब्द नव्या गायिकेकडून इरूमा म्हणवून जोडू, असं तो म्हणाला.

मनालीने आत्याकडे पाहिलं. आत्यांनी पदर खोचला.

"माज्या गान्यात दुसरीचा आवाज न्हाय. गान्यात नाव येल तीच रानी, ह्यो नियम कुनाचा?"

"माझा," कौस्तुभ म्हणाला.

"मंग रानीचं नाव बदल."

पाचला वीस मिनिटं कमी असताना त्याने इरूमा खोडून तिथे सुलू लिहिलं. मुर्ध्याच्या मांडवातल्या सुलूला मात्र ती राणी झाल्याचं अजून कुणी सांगितलं नव्हतं.