असं विचारतोयस...

पटो न पटो, हे घडलंय. आणि रात्री नाही, भर दुपारी, माझ्या सख्ख्या काकांच्या बैठकीच्या खोलीत.

युद्धातून परतलेल्या सैनिकांच्या आठवणी मी कॅमेऱ्यावर घेते. माहितीपटात माझा आवाज ठेवत नाही. म्हणून सगळ्यांना बजावते, "उत्तर देण्याआधी माझा प्रश्न बोलून दाखवा." बहुतेक जण विसरतात. काका नाही विसरले. फौजी माणूस, एकदा सांगितलं की संपलं!

त्यांचा पलटणीतला जोडीदार युद्धात मारला गेला. सतत बडबडायचा, म्हणून त्याला सगळे पोपट म्हणायचे. "माझ्या मांडीवर प्राण सोडला त्याने," काका आयुष्यभर हेच सांगत आले. मला ते कधीच पटलं नव्हतं. सांगताना नजर चुकवायचे.

मुलाखत चालू असताना पोपटच्या बहिणीचा फोन आला. दार ओढून घेऊन मी जिन्यात गेले.

"परवा येते," ती म्हणाली. "माझा भाऊ कसा गेला, ते एकदा त्यांच्या तोंडून ऐकायचंय. डोळे मिटायच्या आत."

आमचा साउंडवाला बहिऱ्या (हो, हेच नाव पडलंय त्याचं!) सिगारेट ओढायला माझ्यामागोमाग आला. कॅमेरा चालूच राहिला.

दुसऱ्या दिवशी आम्ही ते फुटेज लावलं.

काका एकटेच. नजर माझ्या रिकाम्या खुर्चीकडे...

मग ते बोलायला लागले.

"'तू निघालास तेव्हा मी जिवंत होतो, हे तुला माहीत होतं का,' असं विचारतोयस... हो. माहीत होतं."

मी तेवढंच मागे नेऊन पुन्हा ऐकलं.

विचारतोयस? मला काका असं कशाला म्हणतील? मी तर त्यांची पुतणी!

फुटेजमध्ये दुसरा कुणाचाच आवाज नाही...

"'मी हाका मारल्या, त्या ऐकू आल्या का,' असं विचारतोयस... आल्या रे. लांबपर्यंत येत होत्या."

मी बहिऱ्याची कॉलरच धरली. "तूच जोडलंयस ना हे?"

"आईशप्पथ नाही, मॅडम! आवाज जोडेन हो, ओठ कसे हलवू?"

काकांचे ओठ खरंच हलत होते.

वय झालंय, भ्रम झाला असेल, असं मी मनाला समजावत होते. तेवढ्यात...

"'ताई परवा येतेय, तिला खरं सांगशील का,' असं विचारतोयस..."

काकांजवळ मी त्या फोनबद्दल अवाक्षर बोलले नव्हते.

या प्रश्नाला त्यांनी नुसती मान हलवली. नाही.

संध्याकाळी तडक त्यांच्याकडे गेले. राग आला होता, आणि खोटं कशाला बोलू, भीतीही वाटत होती.

"काका, पोपटला जिवंत टाकून आलात तुम्ही?"

ते लहान मुलासारखे रडायला लागले. "मला नाही गं जमणार तिला सांगायला. त्यालाही मानेनंच नाही म्हटलं."

"मग?"

"तो म्हणाला, राहू दे... मीच सांगतो."

मी तिथूनच तिला फोन लावला. निदान आधी माझ्याकडून तरी कळू दे.

एंगेज.

घरी आले, जेवणं उरकली. तेव्हापासून लावतेच आहे. अजूनही एंगेज...

एकटी राहते ती. इतका वेळ कुणाशी बोलतेय?