कापडावरच्या टोप्या

सांगा पोरांनो, विश्वास कुणावर ठेवायचा? विकणाऱ्यावर, की स्वतःच्या डोळ्यांवर? घाई करू नका. दिवा जरा मोठा करा आणि आधी ऐका.

आमच्या फिलाडेल्फियात मुष्टियुद्धाची फिल्म कशी बनायची, ठाऊक आहे ना? खरी लढत व्हायची दूर पश्चिमेला. इथं गच्चीवर मालधक्क्याचे दोन हमाल उभे करायचे. एकानं वर्तमानपत्रात छापलेलं लढतीचं वर्णन वाचायचं, "आता डावा ठोसा!" की हमालानं तो हाणायचा. मागं कापडावर रंगवलेले प्रेक्षक. रंगाऱ्याला केस काही जमेनात, म्हणून पठ्ठ्यानं झाडून सगळ्यांना टोप्या घातल्या.

असलंच एक रीळ माझ्या फिल्मच्या दुकानातून एमॉस टीटर, गावोगाव खेळ दाखवणारा गडी, घेऊन गेला. नोव्हेंबरातली शनिवारची रात्र, कोळशाच्या खाणीचं गाव. रिळात जिची नक्कल होती, त्या खऱ्या लढतीत मेलेला डॅन कोलहन त्याच गावचा. मेला रिंगणातच, पण लोक म्हणत, पैसे खाऊन मुद्दाम पडला आणि डोकं आपटून गेला.

पहिल्या रांगेत त्याची म्हातारी आई.

"बाबा, हा खरंच माझा डॅन आहे?"

"अगदी खराखुरा, मावशी!" एमॉसनं ठोकून दिलं.

मागून एक खाणकामगार ओरडला, "मग लाव की लवकर! विकलेला गडी कसा लोळतो ते बघू!"

दिवे गेले. एमॉस यंत्र फिरवू लागला. शेवटचा ठोसा बसला. हमाल पडला. आता त्यानं पडूनच राहायचं, हे एमॉसला पाठ होतं.

पण तो… उठला.

पुन्हा ठोसा. पुन्हा उठला.

एमॉसनं यंत्र फिरवायचा दांडा सोडला. चित्र चालूच…

कानामागून रक्त. तरी उठतोय. आणि तोंड… तोंड हमालाचं नव्हतं.

मग अंधार.

"बघितलंत ना रे?" म्हातारी म्हणाली. "पडला का माझा पोर आपणहून?"



सोमवारी एमॉस रीळ घेऊन आला नि घडलेलं सगळं सांगू लागला. मला वाटलं, लेकाचा बनवतोय, रीळ बदललंय. भिंग लावलं. रीळ माझंच, खूण माझीच. हमाल पडतो… आणि आरामात पडून राहतो. जसा आधी होता तसाच.

फक्त मागच्या कापडावर… एकाच्याही डोक्यावर टोपी नव्हती.

सगळ्यांच्या टोप्या हातात. छातीशी धरलेल्या, मयताला मान देताना धरतात तशा. आणि केस… एकेक केस रेखलेला.

उद्या तुम्हीही धंद्यात पडाल. नक्कल खुशाल विका, पण पाटीवर नक्कल म्हणूनच लिहा. मेलेल्याच्या नावावर खोटं मांडू नका. हिशेब चोख ठेवा रे बाबांनो, एवढंच मागणं.