न कुजणाऱ्या बेटाचं कोडं

कोठार काठोकाठ भरलेलं, आणि बाहेर शेतात एक काडी उगवेना. आता याला काय म्हणायचं?

शनिवारी सकाळपासून अबोली भिंतीवरच्या मोठ्या पडद्यासमोर ठाण मांडून बसली होती आणि हेच बघत होती. पडद्यावर तिचं बेट होतं. भाताची रोपं पिवळी पडून आडवी झाली होती. केळी खुरटल्या होत्या. झऱ्याकाठचं गवतसुद्धा विटक्या फडक्यासारखं दिसत होतं. पाऊस वेळेवर पडत होता, ऊन चांगलं होतं, कीड नव्हती. तरी जमीन काही देईना.

‘तग’ हा जगून दाखवायचा खेळ. तुम्हाला एका ओसाड बेटावर सोडून देतात. तिथे पाणी शोधा, भात लावा, मासे पकडा आणि टिकून राहा. तुम्ही खेळत नसलात तरी बेटावरचा काळ थांबत नाही. आपला एक दिवस म्हणजे तिथला जवळजवळ महिना.

अबोलीचं बेट तिचं एकटीचं असतं, तर ती थोडी चिडली असती आणि नवं बेट घेऊन बसली असती. पण ते तिचं आणि आईचं होतं. आई चंद्रावरच्या तळावर (संशोधकांच्या छोट्या वस्तीवर) कामाला होती. दर रविवारी दुपारी तिला तासभर मोकळा मिळे आणि त्या तासात मायलेकी बेटावर भेटत. फोनवर बोलणं वेगळं आणि शेजारी शेजारी वाकून भात लावणं वेगळं. बेट गेलं तर भेटायची जागाच गेली असती, आणि उद्या रविवार होता.

“काय गं, तोंड का असं?” आप्पा चहाचा कप घेऊन आत आले. आप्पा म्हणजे आईचे वडील. चंद्रावरच्या तळासाठी बंदिस्त मळे (बाहेरची हवा न घेता काचेच्या आत वाढवलेली शेती) पृथ्वीवर करून बघण्यात त्यांचं आयुष्य गेलं होतं, आणि आता ते रत्नागिरीच्या घरी निवृत्तीचा चहा पीत होते. प्रश्नाला उत्तर देण्याऐवजी दुसरा प्रश्न पुढे सरकवायची त्यांना खोड होती. ती खोड किती वैताग आणते ते अबोलीलाच विचारा.

“आप्पा, बेट मरतंय. काहीतरी करा ना.”

“काय बदललं?”

“काहीच नाही.”

“मग मरणार कसं? काहीतरी बदललं असणारच.”

अबोलीने नखं कुरतडली. मग सगळं सांगून टाकलं. आई रविवारी जे पकडायची, पिकवायची, ते पुढच्या रविवारपर्यंत कुजून जायचं. आईने उतरवलेला फणस आठवड्याने काळा पडलेला बघून आई हसायची, पण अबोलीला रडू यायचं. म्हणून सोमवारी तिने एक मॉड (दुसऱ्या कुणीतरी लिहून मूळ खेळाला जोडलेला, त्याचे नियम बदलणारा तुकडा) घातला. त्याचं नाव ‘अक्षय कोठार’. बेटावरचं काहीही कधीच कुजणार नाही, असं त्याच्या पानावर लिहिलं होतं.

“आणि हे पान तुला कुठे मिळालं?”

“वर्गातल्या एका मुलीला कुणीतरी पाठवलं होतं. तिने मला पाठवलं.”

“कुणीतरी,” आप्पा म्हणाले आणि कप खाली ठेवला. “घालताना त्याने तुझ्याकडे काही मागितलं?”

“माइक आणि निरोप वाचायची परवानगी. मी ‘हो’ दाबत गेले. सगळेच दाबतात.”

“घरातला नळ गळतोय म्हणून एक माणूस आला आणि त्याने कपाटाची किल्ली मागितली. देशील?”

“नळाला किल्ली कशाला लागते?”

“मग फणस टिकवायला तुझे निरोप कशाला लागतात?”

अबोलीचा चेहरा खर्रकन उतरला. निरोपांत आईची पत्रं होती. आप्पांनी मग वेळ घालवला नाही. दोघांनी मिळून सगळ्या परवानग्या काढून घेतल्या आणि पासवर्ड बदलला. मॉडने निरोप अजून उघडले नव्हते हे बघून दोघांच्याही जिवात जीव आला. “मॉड लिहिणारे बरेच लोक हौशी आणि भले असतात,” आप्पा म्हणाले. “पण भल्या माणसाचं नाव-गाव असतं, त्याच्या पानावर लोकांनी काय अनुभव आला ते लिहिलेलं असतं. हे नुसतं वाऱ्यावर आलेलं होतं.”

“मी आत्ताच काढून टाकते!” अबोलीने हात पुढे केला.

“थांब! आधीची प्रत आहे का?”

ही प्रत म्हणजे बेटाची नक्कल. बेटावर त्या क्षणी काय कुठे आहे याची संपूर्ण नोंद. खेळ स्वतःहून अशा प्रती ठेवतो, म्हणजे काही बिघडलं तर मागे जाता येतं. पण या मायलेकींनी ती सोय पहिल्याच दिवशी बंद केली होती. खऱ्या बेटावर मागे जायचं बटण नसतं, असं आईचं म्हणणं. त्यात त्यांना भारी शूरपणा वाटायचा.

“छान!” आप्पा म्हणाले. “तिकडे चंद्रावर तुझी आई एक झडप उघडायची तर दहा वेळा तपासते, आणि इकडे ही तऱ्हा. बरं, मागची प्रत नाही तर आताची काढू. आजारी बेटाची का होईना.”

आप्पांच्या मळ्यात एक रीत होती. खऱ्या मळ्यात पाण्याचा थेंब जरी वाढवायचा असला तरी तो आधी जुळ्यात वाढवायचा. जुळं म्हणजे संगणकात चालणारा हुबेहूब तसाच मळा. आणि बदल करण्याआधी खोलीतल्या सगळ्यांना ऐकू जाईल असं मोठ्याने सांगायचं, मी काय बदलतोय आणि काय होईल असं मला वाटतंय. त्यांनी आपला जुना संगणक काढला, त्याचं इंटरनेट तोडलं, आणि त्यावर बेटाची प्रत उतरवली.

“सांग मोठ्याने.”

अबोलीला लाज वाटली, पण ती म्हणाली, “मी मॉड काढतेय. मला वाटतं, बेट पहिल्यासारखं होईल.”

तिने बटण दाबलं, आणि एका क्षणात कोठार काळं पडलं. फणस, केळी, मासे, भात, सगळ्याचा एकदम चिखल झाला. अबोली किंचाळली.

“अगं, प्रत आहे ती,” आप्पा म्हणाले. “खरं कोठार जिथल्या तिथे आहे. ओरडून झालं असेल तर सांग, हे असं का झालं?”

दोघांनी कोठारातल्या फणसाची माहिती उघडली. या खेळात प्रत्येक वस्तूला एक वय असतं. ते ठरलेल्या मर्यादेपलीकडे गेलं की वस्तू कुजते. मॉडने वय थांबवलंच नव्हतं. वय आतल्या आत वाढत होतं, फक्त त्याचा परिणाम अडवून धरला होता. अडवणारा गेला आणि साचलेलं सगळं एकदम कोसळलं.

“म्हणजे मॉड काढला तरी त्याने केलेलं जात नाही?” अबोलीने विचारलं.

“आमटीत मीठ जास्त पडलं. मिठाची बरणी फडताळात ठेवून दिलीस तर आमटी अळणी होईल का?”

अबोली विचारात पडली. म्हणजे मॉड हा नियम झाला, आणि बेट म्हणजे त्या नियमाने आजवर घडवलेली स्थिती. नियम एका बटणाने बदलतो. स्थिती मात्र तशीच मागे राहते.

“चीटचंही तेच का?” चीट म्हणजे खेळातच दडवलेली गुप्त आज्ञा. ती दिली की एका फटक्यात पाऊस पडतो नाहीतर लाकडाचा ढीग मिळतो.

“तेच. चीट वाईट नसते बरं. खेळ बनवणारेच तपासणीसाठी ती ठेवतात. पण तिने पाडलेला पाऊस परत ढगात जात नाही.”

बोलता बोलता अबोलीची नजर प्रतीतल्या बेटावर गेली. तिथला काळ तिने जोरात पळवला होता. झाडांखाली पाचोळ्याचा थर होता. इतके महिने तो कोराकरकरीत पडून होता. आता तो काळा पडत होता, मऊ होत होता, जमिनीत मिसळत होता. आणि त्याच्या कडेने हिरवे कोंब वर येत होते.

“आप्पा!” ती ताडकन उठली. “मी फणस कुजायचा थांबवला, पण पानंही कुजायची थांबली! वाळलेलं गवतसुद्धा! कुजलं नाही तर खत कुठून होणार? झाडांनी जमिनीतून घेतलेलं जमिनीला परत मिळालंच नाही. कोठार भरलं आणि जमीन उपाशी राहिली!”

आप्पांनी या वेळी प्रश्न विचारला नाही. त्यांना इतका आनंद झाला की चहा गार झाल्याचंही कळलं नाही. “आमच्या पहिल्या मळ्यात आम्ही हेच करून बसलो होतो,” ते म्हणाले. “स्वच्छतेच्या नादात बुरशी आणि जिवाणू (डोळ्यांना न दिसणारे सूक्ष्म जीव) पार घालवले. टाकलेली पानं जशीच्या तशी, आणि रोपं मात्र माना टाकून. कुजवणारे जीव नसले की मळा चालत नाही.”

कोडं सुटलं, पण पेच सुटला नव्हता. मॉड ठेवला तर जमीन मरते, आणि काढला तर कोठार जातं. मग नवं पीक येईपर्यंत खायचं काय?

“कोठार डोंगरातल्या गार गुहेत हलवू,” आप्पा ऐटीत म्हणाले. नवी प्रत काढली. कोठार हलवलं, मॉड काढला. गुहेत चिखल झाला. वय आधीच उलटून गेलेल्या फणसाला गारव्याचा काय उपयोग? आप्पांनी चष्मा पुसला, बराच वेळ पुसला.

मग अबोलीने एका दमात तीन गोष्टी केल्या. चीटने पाऊस पाडला, भाताच्या जागी नाचणी लावली आणि मॉड काढला. बेट थोडं तरारलं. ती नाचायला लागली.

“कशाने तरारलं?” आप्पांनी विचारलं.

अबोली नाचायची थांबली. तीन बदल एकदम केले की कुठल्याने काय झालं ते कसं कळणार? तिने निमूटपणे ती प्रत पुसली आणि नवी काढली.

“एका वेळी एकच,” ती स्वतःलाच म्हणाली.

जेवणाआधी आप्पांनी तिला गच्चीवर कावळे हाकलायला पाठवलं. तिथे त्यांनी फणसपोळ्या उन्हात वाळत घातल्या होत्या. अबोली कावळ्यांना हाकलायचं विसरली आणि जिन्यावरून ओरडतच खाली आली. “आप्पा, फणसाची पोळी केली की तिचं वय फणसाचं धरायचं की पोळीचं?”

“खेळालाच विचार की.”

खेळाने उत्तर दिलं. पोळी ही नवी वस्तू, म्हणून तिचं वय शून्यापासून. शिवाय वाळवलेल्या वस्तूची मर्यादाही लांब. मासे खारवून सुकवले, भाताचे पोहे केले, केळ्यांची सुकेळी केली. होईल तितकं वाळवण झालं. मग मॉड काढला. वाळवलेलं सगळं टिकलं. उरलेलं कुजलं, ते तिने शेतात पसरलं. थोड्याच वेळात भाताने मान वर केली.

“आता खऱ्या बेटावर करू?” अबोलीचे हात शिवशिवत होते.

“ते बेट तुझं एकटीचं आहे?”

अबोलीने हात मागे घेतला. मॉड घालताना तिने आईला विचारलं नव्हतं. काढतानाही विचारायचं नाही, असं कसं चालेल?

रविवारी दुपारी आई बेटावर उतरली. डोक्यावर नेहमीची पळसपानांची टोपी. ती काही बोलायच्या आत अबोलीने सगळं सांगून टाकलं. आपला आवाज चंद्रावर पोचायला सेकंदाहून थोडा जास्त वेळ लागतो, आणि उत्तर यायला पुन्हा तेवढाच. एरवी दोघींना याची सवय होती. आज तो वेळ संपता संपेना.

“मला न विचारता?” आईचा आवाज आला.

“हो.”

पुन्हा ती वाट बघणं.

“राग आलाय मला, अबू. पण तू लपवलं नाहीस, ते बरं केलंस. आता सांग, प्रत काढलीस का?”

“काढली. आप्पांनी काढायला लावली. आणि काय करायचं तेही करून बघितलंय.”

मग मायलेकींनी मिळून फणस चिरले, गरे वाटले, पोळ्या वाळत घातल्या. आईने दगडांवर मासे मांडले. सगळं वाळवता येण्याइतका वेळ नव्हता. आईने उतरवलेला सगळ्यात मोठा फणस तसाच राहिला. अबोली त्याच्याकडे बघत राहिली, तेव्हा आई म्हणाली, “असू दे गं. तो जमिनीला.”

अबोलीने मोठ्याने सांगितलं, “मी मॉड काढतेय. पोळ्या टिकतील, फणस कुजेल, आणि जमीन बरी होईल असं मला वाटतं.” आणि बटण दाबलं.

फणस काळा पडला आणि खाली बसला. झाडांखालचा पाचोळा काळवंडला. दोघींनी कुजलेलं सगळं शेतात ओढून आणलं. थोड्या वेळाने त्या ढिगातून पांढऱ्या अळंब्यांच्या छत्र्या वर आल्या.

आई हलेना. अबोलीला वाटलं, संपर्क तुटला.

“आई? आहेस ना?”

“आहे गं.” आईचा आवाज बदलला होता. “इथे काहीच कुजत नाही, अबू. सफरचंदाचा गाभासुद्धा आम्ही सुकवून पिशवीत बंद करतो. किती महिन्यांनी बघतेय मी हे. पुढच्या वर्षी आम्ही इथे मातीचा पहिला वाफा करणार आहोत. चंद्रावर पहिल्यांदाच काहीतरी कुजेल. त्याचं जुळं आधी पृथ्वीवर कुणीतरी चालवून बघायला हवंय. आप्पांबरोबर करशील?”

“करीन!”

“आणि एक सांग. खऱ्या कुजलेल्या पानांचा वास कसा असतो गं? मी विसरूनच गेलेय.”

अबोली धावत परसात गेली आणि फणसाखालचा ओला पाचोळा दोन्ही मुठींत भरून घेऊन आली. पडद्यासमोर उभं राहून तिने नाक खुपसून खोल श्वास घेतला आणि सांगायला तोंड उघडलं, तेवढ्यात पाचोळ्यातून एक गांडूळ वळवळत तिच्या मनगटावर आलं. अबोलीने मुठी सोडल्या नाहीत. ती तशीच उभी राहिली, आणि थोड्या वेळाने चंद्रावरून आईचं हसू ऐकू आलं.